लेफ्टेरिसच्या कानाखाली

लेफ्टेरिसने आयुष्यभर एकच धंदा केला: थपडा खाल्ल्या. नवव्या वर्षी तो फिरत्या नाटक कंपनीत शिरला आणि पहिल्याच प्रवेशात त्याच्या कानाखाली बसली. प्रेक्षक हसले. मग काय, पुढली साठ वर्षं नाटकात कधी वेटर, कधी शिपाई, सिनेमात नवरीचा बावळट भाऊ. भूमिका बदलल्या, गाल तोच. ग्रीसमध्ये लोक त्याला रस्त्यात ओळखायचे आणि प्रेमाने टपली मारून जायचे. असलं प्रेम वैऱ्याच्याही वाट्याला येऊ नये.

मग मंदी आली. अथेन्समधलं त्याचं थिएटर बंद पडलं, आणि जहाजावर कॅप्टन असलेल्या भाच्याने, निकोने, त्याला आपल्याकडे दुबईजवळच्या फुजैराला आणलं.

तिथेच जहाजांना तेल पुरवणाऱ्या एका ग्रीक मालकाच्या कंपनीत आपला उपेंद्र नोकरीला. २००९च्या डिसेंबरात मालक येणार, पार्टी होणार आणि पार्टीनंतर कुणाला घरी पाठवायचं ते ठरणार, हे ऑफिसात पोराटोरांनाही ठाऊक होतं. मॅनेजर प्रकाश सरांनी उपेंद्रला केबिनमध्ये बोलावलं.

“तू मंडळाच्या नाटकांत कामं करतोस ना? मालक लहानपणापासून त्या म्हाताऱ्याचे फॅन आहेत. त्याच्याबरोबर स्किट कर. तो थप्पड खाणार, तू मारणार. मालक हसले तर लिस्टमध्ये तुझं नाव नाही. खलास.”

नोकरी गेली की व्हिसा गेला आणि व्हिसा गेला की बिऱ्हाड गुंडाळायचं. मुलगी श्रिया दहावीत. उपेंद्र हो म्हणाला.

नाटकातल्या थपडेची युक्ती सोपी असते. मारणाऱ्याचा हात गालाजवळून नुसता जातो आणि खाणारा त्याच क्षणी गुपचूप टाळी वाजवतो. पण लेफ्टेरिसचे हात संधिवाताने आखडले होते. टाळी मागे राहायची.

“आवाज कुठाय?” प्रकाश सर ओरडले. “असली मार ना! यल्ला, चल!”

उपेंद्रने खरीच मारली. म्हाताऱ्याच्या गालावर चार बोटं उठली.

“पेन?” उपेंद्रने घाबरून इंग्रजीत विचारलं, दुखलं का म्हणून.

“नै,” म्हातारा म्हणाला.

नै म्हणजे नै. उपेंद्रला हायसं वाटलं. साठ वर्षं मार खाऊन कातडं गेंड्याचं झालं असणार! मग रोज वीस-वीस थपडा झाल्या. दर थपडेला तो विचारायचा, आणि उत्तर तेच. तिसऱ्या दिवशी ओठ फाटला, तेव्हाही नै.

“डॅड, सो यू आर द बॅड गाय?” श्रियाने विचारलं.

“अगं, कॉमेडी आहे. त्याला लागत नाही. मी विचारतो ना!”

शुक्रवारी दुपारी हॉटेलच्या हॉलमध्ये पूर्वार्ध झाला. अकरा थपडा. मालक डोळे पुसत हसत होते. मध्यंतरात लेफ्टेरिस डाव्या कानाला रुमाल लावून बसला होता. रुमाल लाल झाला होता. निको आत आला आणि उपेंद्रच्या खांद्यावर हात टाकून इंग्रजीत म्हणाला, “मामा तुझ्यावर खूश आहे. म्हणतो, साठ वर्षं मार खाल्ला, पण दुखतं का म्हणून विचारणारा हा पहिलाच.”

“पण तो तर नै म्हणतो.”

“मग? आमच्या ग्रीकमध्ये नै म्हणजे येस.”

उपेंद्रला स्वतःची शिसारी आली. तेवढ्यात प्रकाश सरांनी पडद्याआड डोकं घातलं.

“शेवटची सगळ्यात जोरात हं. पडला पाहिजे!”

“सर, त्याच्या कानातून रक्त येतंय.”

“मग? मेकअप वाटेल. नाहीतर ऑफिसातला निनाद तयारच आहे. त्याला उभा करू?”

उपेंद्र स्टेजकडे निघाला.

शेवटच्या प्रवेशात त्याने हात उगारला आणि तो तसाच थांबला. मालक खुर्चीत पुढे सरकले. प्रेक्षकांकडे पाठ करून त्याने हळूच विचारलं, “पेन?”

म्हाताऱ्याने त्याच्या डोळ्यांत बघितलं. “नै,” तो म्हणाला आणि सवयीने गाल पुढे केला.

या वेळी उपेंद्रला बरोबर कळलं. तरी त्याने मारली, अंगातल्या सगळ्या ताकदीनिशी. लेफ्टेरिस आडवा झाला, डोकं फळ्यांवर आपटलं, आणि हॉल हसून कोसळला. म्हातारा उठला नाही. पण मालक उभे राहून टाळ्या वाजवत होते, म्हणून उपेंद्रने आधी वाकून त्यांना नमस्कार केला आणि मग खाली बघितलं.