दुसऱ्यांदा सांगितलेलं

माहितीपटवाल्यांनी सकाळीच आमच्या बैठकीच्या खोलीचा ताबा घेतला. सोफा भिंतीला, टीपॉय बाल्कनीत आणि मावशी खिडकीपाशी, कॉलरला माइक. "डावीकडून घे रे, डावा गाल बरा दिसतो," असं तिने कॅमेरामनला बजावलं. युद्धात आमच्या गल्लीवर बॉम्ब पडले तेव्हा तळघरात लपलेल्यांपैकी आता तीच उरली आहे. तशी मीही होते, पण दीड वर्षाची, म्हणजे नसल्यातच जमा. आई त्या दिवशी गेली, मला मावशीने वाढवलं. आई तळघरापर्यंत पोचलीच नाही, असं ती मला लहानपणापासून सांगत आली.

"तुमची बहीण कुठे होती?" दिग्दर्शिकेने विचारलं.

मावशीने चष्मा काढला. "दाराबाहेर. दार बडवत होती, मला हाका मारत होती. दाराला पाठ लावून मीच उभी होते, ही माझ्या कडेवर. उघडलं असतं तर सगळा धूर आत आला असता. नाही उघडलं मी."

तेवढ्यात साउंडवाला म्हणाला, "सॉरी हं, फ्रिजची घरघर आलीय. पुन्हा एकदा घेऊ या?" जणू बाई कविता म्हणत होती! मी उठून फ्रिज बंद केला. परत येताना मावशीच्या खांद्यावर हात ठेवला. "मावशी, नीट आठवून सांग हं."

ती माझ्याकडे बघत राहिली. मग चष्मा लावून म्हणाली, "ती पोचलीच नाही. आम्ही खूप वाट पाहिली."

आवाज स्वच्छ आला. दिग्दर्शिका मात्र अडून बसली. "घरघर असली तरी पहिलं वापरता येईल. पण आजी, खरं कोणतं?"

"हिला विचारा. आई हिची."

आईचं ते दार बडवणं चारचौघांत जायला नको होतं. खरं तर मलाच ते नको होतं. "दुसरं," मी म्हणाले. "वय झालंय, गोंधळते हल्ली."

अख्ख्या खानदानाचे वाढदिवस तोंडपाठ असलेली बाई! जन्मभर धीर गोळा करून आज तिने तोंड उघडलं, आणि मी परक्यांसमोर तिला म्हातारचळ लागल्याचं सांगून मोकळी झाले.

"होतं असं," मावशी हसून म्हणाली.

मंडळी गेल्यावर तिने हळूच विचारलं, "रागावली नाहीस ना गं?"

"कशाबद्दल?" मी म्हटलं. म्हणताना माझीच मला लाज वाटली, तरी म्हटलंच.