नावेत ठेवलेला कॅमेरा

“पोरीला छातीशी बांधून कॅमेरा धरू नकोस, ऋजुता. चित्र डुलेल.”

तिचा कॉलेजातला मित्र, आता दिग्दर्शक झालेला निनाद हे म्हणाला, तेव्हा व्हेनिसवर मोतिया धुकं उतरत होतं. त्याच्या फिल्मचं चित्रण करणाऱ्या ऋजुतानं ते हसण्यावारी नेलं. तान्ह्या मैथिलीला परक्या गावात ठेवणार कुणापाशी?

जलमंथर, धूसरवसना ती नगरी! विटांची लाली पाण्यात विरघळायची, घंटांचा नाद पाण्यात विरघळायचा, खिडकीतला पिवळा दिवा थरथरत पाण्यात विरघळायचा. शेवाळल्या पायरीवर ऋजुता उभी. एक हात कॅमेऱ्याला, एक लेकीच्या पाठीला, आणि जीव सारखा टांगणीला: पाय निसटला तर? लेक कुरकुरली की ती जागच्या जागी झुलायची. झुलायची ती, झुलायची लेक, आणि झुलायचे ते शतकवृद्ध प्रासाद, डोळ्यांवर झोप आलेल्या बाळासारखे.

मग पुण्यातलं प्रेक्षागृह. काळोखात पडद्यावर श्वास घेणारं ते शहर, आणि दिवे लागताच कुणाचा तरी गहिवरलेला प्रश्न: “हे डुलणं कसं साधलंत हो?”

“कॅमेरा नावेत ठेवला,” निनाद म्हणाला. “बाकी सगळं पाण्यानं केलं.”

पाण्यानं!

मागच्या रांगेत, ऋजुताच्या मांडीवर मैथिली खोकत होती. त्याच धुक्याचा तो ओला खोकला. ऋजुतानं तिची पाठ चोळली. आत एक निखारा पेटला, नीलजिव्ह, निःशब्द. तिनं तो राखेखाली जपून ठेवला.

हिवाळ्यात त्याचा फोन आला.

“त्याच शहरावर दुसरी फिल्म मिळालीये. येतेस ना?”

“मी कशाला? नावेत ठेव की कॅमेरा.”

“अगं, चेष्टा पुरे.”

“चेष्टा कसली? बाकी सगळं पाणी करेल.”

तो एकटाच गेला. चित्रित केलेले तुकडे तिला पाठवत राहिला, काय चुकतंय विचारत राहिला. नाव हिंदकळत होती, चित्र नुसतंच हलत होतं. प्रासाद दगडाचे दगडच. ऋजुता प्रत्येक तुकडा शेवटपर्यंत पाहायची, झोपाळू लेकीला खांद्यावर घेऊन, सावकाश झुलत. उत्तर मात्र द्यायची नाही.

तुमच्यापैकी कुणी तिकडे जाणार असाल, तर तिचं एवढं एक काम करा. त्या शेवाळल्या पायरीवरून जरा डोकावून या. हाक मारू नका. धुक्यात एक नाव असेल, नावेत एक कॅमेरा, कॅमेऱ्यामागे तो. पाहा फक्त, पाणी अंगाई म्हणेल म्हणून अजून बसलाय ना, थिजलेल्या बोटांनी, वाट पाहत, वाट पाहत.