प्रात्यक्षिकाच्या बाई

बोरिवलीच्या त्या कॉलेजात व्याख्याते साठाव्या वर्षी निवृत्त होत आणि प्रयोगशाळेत प्रात्यक्षिकं घेणारे डेमॉन्स्ट्रेटर अठ्ठावन्नाव्या. संस्थेच्या लेखी डेमॉन्स्ट्रेटर हे शिक्षक नव्हते, मदतनीस होते. येत्या मे महिन्यात, म्हणजे चौऱ्याऐंशी साली, नलिनीबाईंना अठ्ठावन्न पूर्ण होत होती. हाताखालची पहिल्या वर्षाची बॅच पदवीपर्यंत पोचवायची आणि मगच एप्रन उतरवायचा, असं त्यांच्या मनात होतं. त्याला नेमकी तीच दोन वर्षं कमी पडत होती.

डेमॉन्स्ट्रेटरांनाही साठच हवं, हे भांडण त्यांनी केलं नव्हतं, क्षमाने केलं. क्षमा एकेकाळची त्यांची विद्यार्थिनी, आता तिथेच रसायनशास्त्राची व्याख्याती. तिने इतका पिच्छा पुरवला, की संस्थेचे जुने विश्वस्त अण्णा म्हणाले, "मी स्वतः येऊन बघतो, बाई शिकवतात की नाही ते."

"आज तरी बोला हं, बाई," क्षमाने सकाळीच बजावलं. "फळ्यावर लिहा, समजावून सांगा, आवाज चढवा जरा. नाहीतर वाट लागली आपली."

"बोलते गं. मी काय मुकी आहे?"

अण्णा प्राचार्यांबरोबर आले तेव्हा बाई प्रेमाच्या टेबलापाशी होत्या. प्रेमा चारकोपहून यायची. हुशार, पण घाईची. तिला दिलेला क्षार ओळखायचा होता. परीक्षानळीत पांढरा साका आला, कॉस्टिक सोडा जास्त घातल्यावर विरघळला, आणि "अ‍ॅल्युमिनियम!" म्हणत ती लिहायला वाकली. असं जस्ताचंही होतं. बाईंनी फळ्याकडे पाहिलं, दारातल्या क्षमाकडे पाहिलं, बोलायला तोंडही उघडलं. मग अमोनियाची बाटली हळूच प्रेमाच्या कोपराशी सरकवली आणि त्या पुढच्या टेबलाकडे वळल्या.

कोपर बाटलीला लागलं. प्रेमाने बाटलीकडे पाहिलं, पेन खाली ठेवलं. नव्या नळीत द्रावण घेऊन तिने थेंब थेंब अमोनिया सोडला. साका आला. आणखी घातला, तर नाहीसा झाला.

"जस्त आहे!" ती ओरडलीच. "अ‍ॅल्युमिनियमचा साका राहिला असता!"

अण्णा कौतुकाने पुढे झाले. "शाब्बास गो! कोणी शिकवलं तुला हे?"

"कोणी नाही, काका. माझं मीच शोधलं."

नलिनीबाईंना इतकं बरं वाटलं, की त्या हसल्या. मग त्यांना क्षमाचा चेहरा दिसला आणि काय होऊन बसलं ते ध्यानात आलं. एक वाक्य बोललं असतं तर दोन वर्षं हाती होती. पण ते प्रेमासमोर बोलावं लागलं असतं.

"बाई प्रेमळ आहेत," व्हरांड्यात येऊन अण्णा म्हणाले, "पण शिकवलं काय त्यांनी? नुसत्या फिरत होत्या की."

"अण्णा, बाटली कोणी सरकवली?" क्षमाने विचारलं.

"कसली बाटली?"

"तेच तर! मलाही कधी दिसली नाही. बी.एस्सी. झाले तरी वाटायचं, सगळं माझं मीच शोधलंय. मग स्वतः शिकवायला लागले, मुलांना घडाघडा सांगून टाकलं, आणि परीक्षेत कोणाला काही आठवेना. तेव्हा कळलं."

मागून आलेल्या नलिनीबाई चपापल्या. "तुला ठाऊक होतं?"

"तुम्ही गप्प बसा हो. ते तुम्हाला छान जमतं."

अण्णा हसले, पण लगेच परत आत गेले आणि एक स्टूल ओढून बसले. या वेळी त्यांनी बाईंवरची नजर हलवली नाही. नंदू नावाचा मुलगा मघाचीच नळी न धुता पुन्हा वापरत होता. बाईंना ते दिसलं, आणि त्यांना दिसल्याचं अण्णांना दिसलं. बाईंनी जाऊन बेसिनचा नळ नुसता सोडला.

अण्णांना राहवेना. "अरे, ती नळी—"

"जरा थांबा, अण्णा," बाई हळूच म्हणाल्या.

अण्णा स्टुलाची कड धरून बसले. नंदूने गढूळलेली नळी उजेडात धरली, नाक मुरडलं, दुसरा थेंब टाकून पाहिला. बराच वेळ गेला. शेवटी कपाळावर हात मारून तो बेसिनकडे धावला, तेव्हा अण्णांनी श्वास सोडला.

"साठ करा, सर," ते प्राचार्यांना म्हणाले. "यांचं आणि सगळ्याच डेमॉन्स्ट्रेटरांचं. संस्थेत मी बघून घेतो. एवढा वेळ गप्प राहायचं म्हणजे घाम फुटला मला!"

नळी धुता धुता नंदूने मान वळवली. "काका, मघाशी तुम्ही काही सांगत होता का?"

अण्णांनी बाईंकडे पाहिलं.

"नाही रे बाबा," ते म्हणाले. "तुझं चालू दे."