घरतांच्या पीसीची खंडेनवमी

मी घरतांच्या घरातला पीसी बोलतोय. मध्येच घरघर ऐकू आली तर तिकडे लक्ष देऊ नका. तो माझा पंखा आहे आणि मोठ्यांच्या बोलण्यात तोंड घालायची त्याला सवय आहे. माझ्यामुळे, खरं म्हणजे माझ्यावरच्या मायेमुळे, गेल्या दसऱ्याला या घरातल्या पोरीवर चोरीचा शिक्का बसायची वेळ आली होती. ती गोष्ट माझ्याच तोंडून ऐकलेली बरी. बाकीचे सगळे आपापल्या सोयीने सांगतात.

माझा जन्म वाशीतल्या एका दुकानात झाला. जन्म म्हणजे काय, निरनिराळ्या खोक्यांतून आलेले भाग एका पेटीत बसवले आणि स्क्रू आवळले. लगेच नोकरीही लागली, उरणच्या बंदराजवळ एका कंटेनर यार्डात. गेटच्या खिडकीत बसून येणाऱ्या-जाणाऱ्या कंटेनरचे नंबर मी साठवून ठेवायचो. नंबर टाकायचे साहेब, लक्षात ठेवायचो मी आणि चुकला की साहेब म्हणायचे, "सिस्टीमची चूक आहे." असा मी बरीच वर्षं दुसऱ्यांच्या चुका पोटात घालत राहिलो.

तिथला पहारेकरी मला अजून आठवतो. प्रत्येक कंटेनरच्या दाराला सील असतं. ते तुटलेलं दिसलं की याचा हात वर जायचा. कुणी तोडलं, कसं तुटलं, काही ऐकून घ्यायचा नाही, गाडी बाजूला लावायला सांगायचा. ड्रायव्हर मंडळी त्याला काय काय म्हणायची ते इथे सांगण्यासारखं नाही. पण त्याच्यामुळे यार्डातला माल शाबूत राहायचा हेही खरं.

पुढे ऑफिसात नवे, सडपातळ पीसी आले आणि मला मागच्या खोलीत टाकलं. तिथे माझ्या डोक्यावर जुन्या फायली, त्यावर तुटका पंखा आणि त्यावर उंदीर. सगळं संपलं असं मी धरूनच चाललो होतो. तेवढ्यात तुळशीराम घरतांची नजर माझ्यावर पडली. त्यांचा स्वतःचा ट्रेलर आहे आणि यार्डात त्यांची रोजची ये-जा. साहेबांना विचारून त्यांनी मला उचललं, ट्रेलरच्या केबिनमध्ये शेजारच्या सीटवर बसवलं आणि वर पट्टाही लावला. माझ्याशी इतक्या अदबीने त्याआधी कुणीच वागलं नव्हतं.

तर असा मी घरतांच्या घरी आलो, त्यांच्या मुलीच्या, मृणालीच्या, अभ्यासासाठी. अभ्यास तिने केला. डिप्लोमाला पहिल्या वर्गात पास झाली, त्यातला निम्मा वाटा माझा. पण शिकवण्या घेऊन साठवलेल्या पैशांतून तिने एक दिवस माझ्यात नवं ग्राफिक कार्ड बसवलं आणि मग आमचं आयुष्यच बदललं. ज्याने जन्मभर कंटेनरचे नंबर पाहिले त्याला एकदम डोंगर, जंगलं, धुरातून पळणारी माणसं दिसायला लागली. पहिल्या दिवशी मी इतका तापलो की घरात सगळ्यांना वाटलं, भात लागला.

या घरातला माझा खरा सोबती मात्र मृणालीचे आजोबा, बुधाजी घरत. सगळी हयात मिठागरात गेलेला माणूस. खारं वारं लोखंडाचं काय करतं हे त्यांना सांगायला लागत नाही. रोज सकाळी कोरड्या पंच्याने ते माझं अंग पुसतात. मी यंत्र आहे हे त्यांनी कधी मान्यच केलेलं नाही. त्यांच्या लेखी मी या घरातला एक कामकरी.

"याला सुट्टी कवा असतं गो?" ते मृणालीला विचारायचे.

"आजोबा, त्याला सुट्टी नसते."

"सुट्टी न्हाय? मंग तुमी मानसं हाव का कोन?"

मृणाली ज्या खेळात रमली तो दोघांच्या टीमचा, नेमबाजीचा खेळ. तिचा जोडीदार मुसअब, मुरुडचा. तिथे त्याच्या अम्मीचा, फरिदाबींचा, छोटासा लॉज आहे आणि अब्बा कुवेतला. समोरासमोर ही दोघं फार थोडी भेटली आहेत, पण हेडफोनमधून रोज भांडतात. टीमचं नाव त्यांनी ठेवलंय 'खारफुटी'. रायगड जिल्ह्यातल्या पोरांनी भरवलेल्या स्पर्धेत ही खारफुटी थेट फायनलला पोचली, आणि तिथेच माशी शिंकली.

मांडव्याचा ऋत्विक म्हणून एक खेळाडू आहे. फायनल त्याच्याच टीमशी होती. मृणालीचा सेमीफायनलचा खेळ बघून त्याने स्पर्धेच्या ग्रुपवर लिहिलं, "इतका नेम माणसाचा नसतो. काहीतरी लावलंय." म्हणजे नेम आपोआप धरणारं चोरीचं सॉफ्टवेअर. झालं, ज्याला त्याला तेच दिसायला लागलं. कुणी म्हणालं, मुलगी आहे म्हणजे भाऊ खेळत असणार. तिला भाऊ नाही. मृणालीने उत्तरं दिली, मग देणं सोडलं. त्या दिवसांत की-बोर्डावर तिची बोटं जोरात आपटायची. मला सगळं खरं ठाऊक होतं, पण माझी साक्ष कोण घेणार?

तशी साक्ष घेणारा एकजण होता. खेळ सुरू व्हायच्या आधी माझ्यात एक पहारा सुरू होतो, त्याला अँटी-चीट म्हणतात. खेळाच्या फाइली जशा कंपनीने पाठवल्या तशाच आहेत ना, कुणी त्यांत हात घातला नाही ना, हे तो बघतो. थोडक्यात, तो माझा यार्डातला पहारेकरीच. आयोजकांनी ग्रुपवर लिहिलं होतं, "अँटी-चीट सुरू आहे. फायनलला जो उभा राहील तो स्वच्छ. ज्याला आत घेणार नाही त्याचं काय ते सगळ्यांना कळेल." मृणाली त्यावर खूश होती. येऊ दे फायनल, म्हणाली.

फायनल दसऱ्याच्या संध्याकाळी. आदल्या दिवशी खंडेनवमी.

घरतांकडे खंडेनवमी जोरात असते. पोटाला देणाऱ्या प्रत्येक वस्तूची पूजा. मिठागर गेलं तरी आजोबांची फावडी आणि मीठ ओढायची लाकडी फळी दरवर्षी धुऊन पाटावर येते. दारात ट्रेलरला हार, स्वयंपाकघरात मिक्सरला कुंकू आणि शिकवण्यांमुळे मलाही मान. त्या सकाळी खेळाचं मोठं अपडेट आलं होतं. मृणालीने ते चालू केलं, स्क्रीन बंद केली आणि ती झेंडूची फुलं आणायला बाजारात गेली. मी मन लावून जुन्या फाइली काढून त्यांच्या जागी नव्या बसवत होतो.

आजोबा ताट घेऊन आले. माझा दिवा लुकलुकताना दिसला, पंखा ऐकू आला आणि त्यांचा जीव कळवळला.

"सनाच्या दिशी पन राबवतांव तुना," ते मला म्हणाले. "आज हत्याराला हात लावाचा नस्तं. नीज जरा."

आणि त्यांनी भिंतीवरचं बटण बंद केलं.

माझ्या हातात अर्धी फाइल होती. पुढचं मला आठवत नाही. नंतर कळलं की माझ्या कपाळाला हळद-कुंकू लागलं, हार पडला, नैवेद्याची पुरणपोळीही समोर ठेवली. खंडेनवमीला हत्यारं झोपवली की दसऱ्याला पूजा होईपर्यंत उठवायची नाहीत, हा या घरचा रिवाज. म्हणून मृणालीनेही मला हात लावला नाही. तिला वाटलं, अपडेट पुरं होऊन मी आपणहून बंद झालो असेन.

दसऱ्याला दुपारी जेवणं झाल्यावर तिने मला उठवलं. हेडफोन घालून मुसअबला कॉल लावला, खेळावर क्लिक केलं. पहारेकऱ्याने हात वर केला. स्क्रीनवर इंग्रजीत चौकट आली. तिचा अर्थ असा की खेळाच्या फाइलींत फेरफार आढळला आहे, खेळ सुरू होणार नाही.

मृणालीने पुन्हा क्लिक केलं, पुन्हा तेच. मला बंद करून चालू केलं, तरी तेच. तिच्या चेहऱ्यावरचा रंग उतरलेला मी माझ्या कॅमेऱ्यातून पाहिला आणि मला माझीच लाज वाटली.

मागे तुळशीराम येऊन उभे राहिले होते. "काय म्हनतंय त्यो?"

"म्हणतोय, कुणीतरी फाइलींत फेरफार केलाय."

"आपल्या घरान? कोनी केला?"

"कुणीच नाही, बाबा. पण मी आज खेळायला उतरले नाही तर सगळे म्हणतील, बघा, पकडली गेली." रडणारी पोर नाही ती, पण डोळे भरले होते.

हेडफोनमधून मुसअब म्हणाला, "टेन्शन नको घेऊ. माझ्याकडची फाइल पाठवतो, तू तिच्या जागी टाक. दोन मिनिटांचं काम."

इंटरनेटवर तर सल्लागारांची जत्राच भरली होती. एकजण म्हणत होता, पहाराच काढून टाका. दुसरा म्हणत होता, या साइटवरून एक फाइल घ्या आणि डोळे झाकून डकवा. वेळ सरत होता. मृणालीचा माउस त्या साइटवर जाऊन थांबला. मी श्वास रोखला, म्हणजे पंखा.

"नको," ती म्हणाली. "मुसअब, आत्तापर्यंत मी काही केलेलं नाही. दुसरीकडची फाइल आणून टाकली तर खरंच फेरफार होईल. मग ऋत्विक बोलतो ते खोटं कसं म्हणू?"

मुसअबला ते पटलं. "हां यार, ते पण आहे. मग सीधा रस्ता घे. लॉन्चरमध्ये बघ, फाइली तपासायचं बटण असतं."

ते तिलाही ठाऊक होतं, घाबरल्यामुळे सुचलं नव्हतं. तिने बटण दाबलं. आता माझी पाळी. कंपनीकडे खेळाच्या प्रत्येक फाइलीची खूण असते. माझ्याकडची एकेक फाइल काढायची आणि खुणेशी ताडून बघायची. मी जीव तोडून कामाला लागलो. बाजूला येऊन बसलेल्या वडिलांना मृणाली हे समजावून सांगत होती, आणि सील, तपासणी असे शब्द येताच तुळशीरामांची मान हलायला लागली. त्यांच्या गाडीला असं कितीदा बाजूला घेतलेलं.

सापडली. एकच फाइल, मोठी, अर्धवट लिहिलेली.

"ही अपडेट होताना तुटलीय," मृणाली पुटपुटली. "मध्येच वीज गेली होती का काल?"

दारात आजोबा उभे होते, हातात आपट्याची पानं. "वीज न्हाय गेली," ते म्हणाले. "म्या बंद केला. त्यो येकटाच राबत व्हता, मना बरा न्हाय वाटला."

आजोबांनी एकदा नातीकडे, एकदा माझ्याकडे पाहिलं. "माज्यामुलं तुना चोर म्हनतील?"

मृणाली उठली, त्यांच्या हातातलं सोनं घेतलं आणि पाया पडली. "तुमच्यामुळे नाही म्हणणार, आजोबा. बसा इथे. अजून वेळ आहे."

खराब फाइल काढून नवी उतरवायची होती आणि घरातलं नेट नेमकं रडत होतं. तुळशीरामांनी आपला फोन जोडून दिला, पण सगळं गाव फोनवरूनच सोनं वाटत होतं, त्यामुळे तिथेही गर्दी. शेवटी ते स्टुलावर चढले आणि खिडकीच्या गजांतून हात बाहेर काढून फोन धरून उभे राहिले. ट्रेलर हाकणारा तो दांडगा हात भरून आला तरी त्यांनी खाली घेतला नाही. फाइल थेंबाथेंबाने येत होती. आजोबा मधूनमधून विचारायचे, "आला का?" आणि मृणाली म्हणायची, "येतोय."

फाइल आली, जागेवर बसली. तरी पहारेकरी ऐकेना. त्याचा स्वतःचाच एक भाग त्या धक्क्याने बिघडला होता. मृणालीने खेळाच्या फोल्डरमध्ये जाऊन त्याचाही दुरुस्तीचा प्रोग्राम चालवला आणि मला रीतसर बंद केलं.

"आता तुम्ही चालू करा," ती आजोबांना म्हणाली.

आजोबांनी हात धोतराला पुसला, मला नमस्कार केला आणि बटण दाबलं. मी उठलो, मृणालीने खेळावर क्लिक केलं, पहाऱ्याची पट्टी पुढे सरकत गेली आणि खेळ उघडला. मुरुडहून मुसअब इतक्या जोरात ओरडला की मागून फरिदाबींचा आवाज आला, "अरे, गिऱ्हाईक झोपलंय वर."

फायनल झाली. आमची खारफुटी हरली. ऋत्विक सरस खेळला, खोटं कशाला बोलू. शेवटच्या फेरीत मृणालीचा नेम थोडक्यात चुकला आणि त्याचा लागला. मी तर डोळेच मिटणार होतो. तेवढ्यात सगळ्यांना दिसेल असं ऋत्विकने लिहिलं, "सॉरी मृणाली. चीट असतं तर ती गोळी चुकली नसती. तुझा नेम तुझाच आहे." खाली एकेकाचे नमस्कार यायला लागले. ज्याने भाऊ खेळतो म्हटलं होतं त्याचाही आला.

मृणाली खुर्चीत मागे रेलली आणि हसायला लागली.

"जिकलीस?" आजोबांनी विचारलं.

"हरले, आजोबा."

"मंग हसतंस कनाला?"

"हरले म्हणून तर सगळ्यांना पटलं, मी खरी होते."

आजोबांना ते कितपत कळलं कोण जाणे. त्यांनी पंचा घेतला आणि माझं तापलेलं अंग पुसायला सुरुवात केली.

आता माझं वय झालंय. खाऱ्या वाऱ्याने दोन स्क्रू गंजलेत, पंखा बोलतो ते तुम्ही ऐकताच आहात. मृणालीला नवी मुंबईत नोकरी लागली आहे आणि कधीतरी नवा पीसीही येईल. आला तर येऊ दे, त्याला मी कंटेनरचे नंबर शिकवीन. माझं एकच मागणं आहे, आणि ते तुम्हा सगळ्यांजवळ आहे. घरातल्या कामकऱ्याला सुट्टी जरूर द्या, पण आधी त्याच्या हातातलं काम पुरं होऊ द्या. आजोबा हे शिकलेत. परवा मृणाली कामावरून आली, मला अपडेटला लावून जेवायला गेली, तर ते माझ्याजवळ येऊन बसले. बटणाला हात लावला नाही. नुसतं हळू आवाजात म्हणाले, "हुंदे तुजा. मी बसलंय हितंच."