ब्लागोयाच्या टकलावरचा टोप

मी टोप बोलतोय. भात शिजवायचा नव्हे, डोक्यावरचा, खोट्या केसांचा. शाळेत कधी गेलो नाही, पण पंचेचाळीस वर्षं एका नटाच्या टाळूवर काढलीत. तेव्हा गुमान ऐका.

माझा जन्म मॅसेडोनियातला. स्कोप्ये शहरात एका बाईनं जाळीवर एकेक केस गाठून मला केलं. मालक ब्लागोया, तिथला नावाजलेला सिनेमानट. तिशीतच टक्कल पडलं आणि ह्याला वाटलं, जग बुडालं.

आधी लढाईचे सिनेमे केले. अकरा सिनेमांत गोळी लागून मेला. मरताना एक हात छातीवर, दुसरा डोक्यावर. लोक म्हणायचे, काय अभिनय! कसला डोंबलाचा अभिनय, मला धरून ठेवत होता.

मग आमच्या देशाचे तुकडे झाले, सिनेमे बसले. हिरोचा मालिकेतला काका झाला, काकाचा आजोबा झाला. शेवटी जाहिरातीत मिरचीच्या चटणीची बरणी धरून उभा. भुवया पांढऱ्या झाल्या, मी काळाकुळकुळीत. कोणी हसलं नाही, कारण कोणी बघतच नव्हतं.

अशात अरबांच्या मुलखातल्या जेद्द्याहून बोलावणं आलं. सहर नावाची तिथली तरुण दिग्दर्शिका. हिनं ह्याचा जुना फोटो पाहिला आणि बोटीच्या म्हाताऱ्या कप्तानाचं काम दिलं. अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी एवढं मोठं काम! आल्या आल्या ह्यानं मेकअपवाल्या जमालुद्दीनचे हात धरले. "केस गेले तर काम गेलं. प्लीज!"

जमालचाचा दाभोळचा, तीस वर्षं जेद्द्यात. त्यानं मला गमनं घट्ट चिकटवलं. लाइटवाला पंकज चिपळूणचा. तो म्हणाला, "चाचा, बुवाच्या डोक्यावर कावळा बसल्यासारखं दिसतंय."

"गप रे. म्हाताऱ्याची रोजीरोटी आहे ती."

"दुपारी गम वितळला की उडेल बघा कावळा."

दोन आठवडे टिकलो. मग एका दुपारी धक्क्यावर सीन होता. घामानं गम सुटला, समुद्राचा वारा आला आणि मी सरळ मासळीच्या जाळ्यावर जाऊन पडलो. ब्लागोयाचा हात सवयीनं वर गेला. खाली मी नव्हतो.

तोंड उन्हानं तांबडं, टाळू मात्र पांढरीफटक. मक्केला उमरा, म्हणजे छोटी यात्रा, करून पुरुष डोकं तासून येतात ना, अगदी तसं. धक्क्यावरचे खलाशी धावलेच. "उमरा मकबूल!" म्हणजे यात्रा पावली. कोणी गळाभेट घेतली, कोणी खजूर दिला. आणि हा येडा सगळ्यांना "थँक्यू, थँक्यू"! पंचेचाळीस वर्षांत त्याच्या उघड्या डोक्याचं कोणी कौतुक केलं नव्हतं.

जमालचाचा मध्ये पडला. "अरे भाई, उमरा नाही! तो ख्रिश्चन आहे. हे टक्कल आहे, टक्कल!" खलाशी पोट धरून हसले. त्यातल्या एकानं स्वतःचा रुमाल सोडून आपलं टक्कल दाखवलं. ब्लागोया ओशाळला, मग तोही हसायला लागला.

सहर आली. तो हसायचा थांबला, मान खाली घातली. ती त्याच्याकडे बघत राहिली आणि म्हणाली, कप्तान असाच हवा. आधीचे सीन पुन्हा घेऊ.

म्हणजे काम टिकलं त्याचं, सुटलं माझं. ज्यानं इतकी वर्षं लाज राखली तो जाळ्यात, मासळीच्या वासात! निघताना म्हातारा मला न्यायला विसरला. विसरला कसला, मी डोळ्यांनी पाहिलं, त्यानं वळून बघितलं आणि गाडीत बसला. खिडकी उघडी ठेवून.

चाचानं उचलून आणलं. आता मी त्याच्या मेकअपच्या पेटीत, खोट्या दाढ्यांच्या शेजारी. काल पंकजनं मला बाहेर काढलं. इथल्या खाऱ्या पाण्यानं आपलेही केस गेले म्हणतो. पाण्याला कशाला नावं ठेवतोस, तुझा बापही टकला असेल! सुट्टीत मुलगी बघायला जायचंय, आधी फोटो पाठवायचाय.

"चाचा, एकच फोटो."

"ब्लागोयानंही एकाच फोटोपुरता लावला असेल."

पोऱ्या, ऐक चाचाचं. मी त्या माणसाला पंचेचाळीस वर्षं वाऱ्याकडे तोंड करू दिलं नाही. नातवाला खांद्यावर घेऊ दिलं नाही, पोर केस ओढील म्हणून. काढ मला. टकल्यालाच हो म्हणणारी बघ.

ऐकतोय कुठला! फोन समोर धरलाय आणि दुसरा हात आत्ताच माझ्यावर आलाय.