ओ द्यायची जागा

मित्रांनो, मी एक जुनी आळवणी आहे. मला कुणी कागदावर लिहिलेले नाही की दगडावर कोरलेले नाही. मी एका बाईच्या गळ्यात राहते आणि गळ्यातून बाहेर पडले की एका खोलीत. त्या खोलीला खिडकी नाही. दाराला आतून लोकरीचे जाड अस्तर ठोकलेले आहे. रोज सकाळी मला गातात, मी चारी भिंतींवर आपटते आणि परत गाणारीच्याच कानात येऊन बसते. लोक मला पवित्र म्हणतात. पवित्र वस्तूला वारा लागू द्यायचा नसतो, असे त्यांचे मत आहे.

तुमच्याकडचे धुके कसे असते, मला ठाऊक नाही. आमच्याकडचे धुके दिशा खाते. ते नदीवरून चढते आणि त्यात सापडलेला माणूस कितीही वल्ही मारो, तिथल्या तिथे फिरत राहतो. फार वेळ अडकला तर आपले घर कोणते, हेही त्याला आठवत नाही. या धुक्याला फक्त मी सोसत नाही. माझे सूर जिथवर पोचतात, तिथवर ते मागे सरते.

माझा जन्म खोलीतला नव्हे. दोर वळणारी एक बाई होती. तिचा नवरा होडी घेऊन गेला आणि धुक्यात हरवला. अर्धा वळलेला दोर हातात तसाच धरून ती काठावर उभी राहिली आणि तिने हाक मारली. नुसती हाक लवकर विरते, म्हणून तिने ती लांबवली, तिला चढउतार दिले. ‘मी इथे उभी आहे, तू कुठे आहेस?’ एवढे म्हणून ती थांबायची, कान द्यायची आणि पुन्हा म्हणायची. शेवटी एका थांब्यात पलीकडून ओ आली, “अगं, इथंच आहे, किती ओरडशील!” धुके फाटले आणि होडी काठाला लागली. उतरल्या उतरल्या नवऱ्याने काय विचारले असेल? जेवायला काय केलेय म्हणून.

मग काठावरच्या सगळ्या बायका मला शिकल्या. कोणी बेसूर गायची, कोणी शब्द खायची, पण ओ मिळायची. माझे अर्धे अंग गाणारीकडे असे आणि अर्धे पाण्यावरच्या माणसाकडे. ते माझे सुखाचे दिवस होते.

पुढे माझे कौतुक सुरू झाले आणि तिथेच घात झाला. इतक्या माणसांना वाचवणारी म्हणून लोकांनी मला देवाची आळवणी ठरवले. माझ्यासाठी घर बांधले, त्यावर कारभारी नेमले. कारभाऱ्यांनी डोके चालवले, की रोज वापरून दोर झिजतो, तसे गाणेही झिजेल. म्हणून दार लावले, अस्तर ठोकले आणि एका वेळी एकाच बाईने मला गावे, असा नियम केला. ‘तू कुठे आहेस?’ यातला ‘तू’ म्हणजे देव, असा अर्थ लावला. आणि माझ्या ओळींमधले थांबे? ती म्हणे देवाची शांतता. त्या वेळी आत बसलेल्या कारभाऱ्यांतले कुणी नुसते खोकले तरी त्याला बाहेर काढत.

जरा विचार करा, मित्रांनो. रोज तोच प्रश्न विचारायचा आणि ओ द्यायच्या जागी सगळ्यांनी हात जोडून गप्प राहायचे. असे पिढ्यान्‌पिढ्या चालले. माझा जीव गुदमरून जाई. बाहेर घाटावर लोक हरवलेल्या होड्यांसाठी पत्र्याचे डबे बडवत. कधी होडी परत येई, कधी येत नसे. काखेत कळसा नि गावाला वळसा म्हणतात, तो हाच.

माझ्या आताच्या गाणारीला सगळे थोरली म्हणतात. अंगाने जाड, गुडघ्यांनी बेजार आणि तोंडाने फटकळ अशी ही बाई. तिची एकुलती एक लेक नदीवर उतारूंची होडी चालवते. सकाळी उभ्या उभ्याच खाते आणि आईला चिडवते.

“आई, तुझं ते गाणं एकदा ऐकव की मला. तुझ्या पोटची असून मला ठाऊक नाही.”

“नियम आहे बाई. दाराबाहेर काढायचं नाही ते.”

“मग घोरणं तरी दाराआड ठेव. ते अख्ख्या गल्लीला पाठ झालंय.”

एके दिवशी भर दुपारी धुके चढले. लेकीची होडी उतारूंनी भरलेली, ऐन मधल्या धारेत. घाटावर डबे वाजू लागले. कारभाऱ्यांपैकी एक जण धावत थोरलीकडे आले. माणूस वाईट नव्हता, त्यांचे डोळे भरून आले होते.

“गायला बसा, थोरल्या बाई. मी दार लावून घेतो. देव काळजी घेईल.”

खोलीचे दार लागले. थोरली पाटावर बसली. तिने मला उचलले. ‘मी इथे उभी आहे...’ आणि ती तिथेच थांबली.

“कारभारी,” ती म्हणाली, “रोज बसूनच म्हणते मी हे. उभी कुठाय मी?”

ती गुडघ्यांवर हात देऊन उठली. “दार उघडा.”

“अहो, झिजेल ते! आजवर जपलंय आपण.”

“झिजू दे. पाण्यात लेक आहे माझी.”

कारभारी दाराला पाठ लावून उभे राहिले. ती नुसती समोर उभी राहिली. शेवटी त्यांनीच हात मागे नेऊन कडी काढली.

घाटावर मी इतक्या वर्षांनी मोकळ्या हवेत आले, आणि खरे सांगते, मला भीती वाटली. आपटून परत यायला भिंतच नव्हती. मी कुठवर जाईन, पोचेन की नाही, काही कळेना. पहिली ओळ झाली. डबे थांबले, लोकांनी माझ्या दारासमोर जोडतात तसे हात जोडले. पुढे नुसते पांढरे धुके. दुसऱ्यांदा म्हटले, तरी काही नाही. तिसऱ्यांदा थोरलीचा आवाज फाटला आणि मी वेडीवाकडी पाण्यावर गेले.

त्या थांब्यात लांबून आवाज आला, “आई? इथं आहे मी! पुन्हा म्हण!”

शांतता कुणी मोडली म्हणून कारभाऱ्यांनी रागाने मागे वळून पाहिले. मग कळले, तसे ते पायरीवरच बसून रडले. मीही पूर्ण झाले, कित्येक पिढ्यांनी. धुके फाटत गेले आणि होडी काठाला लागली.

लेक आईच्या गळ्यात पडली आणि म्हणाली, “हे होय तुझं गाणं? जेवायला हाका मारतेस, तसंच तर आहे.”

तुम्हाला वाटेल, आता मी सुटले. तसे नाही. कारभाऱ्यांची बैठक बसली. एकदा झाले ते झाले, म्हणाले, आणि दाराला नवे अस्तर ठोकले. आज सकाळीही मी त्याच भिंतींवर आपटले. पण घाटावर जे ऐकले गेले, ते कुणाच्या कानातून परत काढता येत नाही. धुके चढले की काठावरच्या बायका उभ्या राहून गातात. गल्लीतली मुले तर लपाछपीत मला म्हणतात, आणि लपलेले पोर न राहवून ओ देते नि पकडले जाते. खोलीत कोंडलेल्या मला तेवढीच काय ती हवा लागते.

मित्रांनो, जपायची म्हणून एखादी गोष्ट तुम्हीही दाराआड ठेवली असेल. तिला नमस्कार करा, माझी ना नाही, पण दाराची कडी काढून ठेवा. आणि कुणी तुम्हाला ‘तू कुठे आहेस?’ असे विचारले, तर हात जोडून गप्प उभे राहू नका. ओ द्या.