काल म्हणजे कधी

मराठ्यांच्या भीतीने कलकत्त्याने खणलेला खंदक जिथून सुरू व्हायचा, तिथे बागबाजारात एक दगडी खांब उभा होता. त्यावर हात ठेवून, मनापासून, हव्या त्या काळाचं नाव घ्यायचं, की माणूस त्या काळात, मनात असलेल्या जागी पोचायचा. उदबत्ती जळून संपेपर्यंत मुक्काम, आणि आयुष्यात एकच फेरी. एवढं नवल दाराशी असून बागबाजारकरांनी काय केलं? निम्म्यांनी आपली फेरी एका जुन्या फुटबॉल मॅचवर घालवली आणि बाकीच्यांनी पणजोबांच्या लग्नातल्या जेवणावर. पिकतं तिथे विकत नाही, हेच खरं.

शकुनने मात्र आपली फेरी बावीस वर्षं जपून ठेवली होती. साताऱ्याला तिची आई वारली तेव्हा हिला इथून पोचायला तीन दिवस लागले होते. मागच्या दारी आई गहू निवडत बसली आहे, असा एखादा साधा दिवस तिला पुन्हा बघायचा होता.

पण चौऱ्याहत्तर साली, नवरा दिगंबर टपाल खात्यातून निवृत्त होऊन दोघं कायमची साताऱ्याला निघाली, त्याच्या आदल्या संध्याकाळी ती खांबापाशी आली ती आईसाठी नव्हे. तिला कालच्या दुपारी जायचं होतं.

काल दुपारी ती बीणादीला नको ते बोलली होती.

बीणादी खालच्या मजल्यावरची. बावीस वर्षं दोघींची भाजी एकाच जिन्यावर निवडली गेली. तिथेच बीणादी मराठी शिकली. बंगालीत बाई-पुरुष असा क्रियापदाला भेद नाही, म्हणून तिच्या मराठीत सगळेच पुरुष होते, आणि शकुनने ते कधी सुधारलं नाही. तिला ते तसंच आवडायचं. बीणादी लाडात आली की तिला 'बर्गी' म्हणायची. बर्गी म्हणजे पूर्वी बंगाल लुटून गेलेले मराठे घोडेस्वार.

काल ट्रंका बांधलेल्या बघून मात्र बीणादी न हसता म्हणाली, "बर्गी तो बर्गीच. येणार, सगळं घेणार, निघून जाणार."

शकुनच्या तोंडून निघून गेलं, "निदान आम्हांला जायला घर तरी आहे."

बीणादीचं घर पूर्व बंगालात, बारिसालला होतं. फाळणीत ते गेलं. तिनेही आपली फेरी कधी वापरली नव्हती. बारिसालचं नाव निघालं की ती विषय बदलायची. काल मात्र तिने विषय बदलला नाही, नुसती उठून खाली गेली.

खांबापाशी राखणदार निमाईबाबू स्टुलावर बसले होते. त्यांनी उदबत्ती पेटवली. शकुनने दगडावर हात ठेवला, डोळे मिटले आणि जीव ओतून म्हणाली, "काल."

डोळे उघडले तर ती आपल्याच जिन्यावर होती. तिच्या दाराला कुलूप होतं. कुलपासमोरच्या पायरीवर बीणादी मांडीत पितळी डबा घेऊन बसली होती. शकुनला बघून ती दचकली.

"तू? तू तर सकाळी गेला."

शकुन कुलपाकडे बघत राहिली. काल तर कुलूप नव्हतं.

"मी दाराआड उभा होता," बीणादी म्हणाली. "डबा घेऊन. वाटलं, आधी तू येईल. तू टॅक्सीत बसला. माझ्या दाराकडे बघितला पण नाही."

"चुकलं माझं, बीणादी."

बीणादीने पदराने डोळे पुसले. "हे काल बोलायचा होता ना."

उदबत्तीचा शेवटचा वास आला आणि शकुन पुन्हा खांबापाशी उभी होती. निमाईबाबूंनी कपाळाला हात लावला.

"नुसतं काल म्हणालात, दीदी? आमच्या भाषेत काल म्हणजे झालेलाही दिवस आणि यायचाही. दगडाने काय समजायचं?"

हे तिला बावीस वर्षं ठाऊक होतं. पण अगदी आतलं बोलताना माणसाला आईचीच भाषा येते. जपून ठेवलेली फेरी अशी गेली, म्हणून ती क्षणभर रडवेली झाली. मग तिच्या डोक्यात उजेड पडला. उद्या बीणादी ज्याला काल म्हणणार होती, तो दिवस आजच होता, आणि अजून बुडाला नव्हता.

गुडघे बोंबलत होते, तरी ती झपाझप घरी आली. बीणादीचं दार उघडं होतं. ती खोबऱ्याचे लाडू वळत होती. शेजारी तो पितळी डबा.

"चुकलं माझं," शकुन दारातूनच म्हणाली. "घर घर म्हणून मी मिरवलं, पण बावीस वर्षं मी राहिले ती तुझ्या जिवावर."

बीणादी लाडू वळत राहिली. मग तिने विचारलं, "धापा टाकतो. कुठून आला?"

"खांबाकडून."

"आईकडे गेला होता?"

"नाही. तुझ्याकडे."

बीणादीचे हात थांबले. "आणि आई?"

"आई समजून घेईल."

बीणादीने चिकट हाताने एक लाडू शकुनच्या तोंडात कोंबला आणि पूर्वीच्याच सुरात म्हणाली, "बर्गी."

सकाळी टॅक्सी आली तेव्हा डबा शकुनच्या मांडीत होता आणि बीणादी खिडकीची काच धरून उभी होती. निघताना 'जाते' म्हणायचं नसतं, हे दोन्हीकडे सारखंच.

"येते," शकुन म्हणाली.

"कधी?"

"काल," शकुनने बंगालीत सांगितलं, आणि टॅक्सी वळेपर्यंत दोघी डोळे पुसत हसत राहिल्या.